उजेड नाही म्हणून राई

उभ्या कर्जत तालुक्यात मला माझ्या बायकोच्या मामांइतके कोणी थकवले नाही. तक्रार करायचे दिवस आता गेले. नुसती नोंद करून ठेवतो. मामलेदार कचेरीत माझी सारी उमर कारकुनीत गेली. लहरी मामलेदार सोसले, दर वर्षी भाताच्या कापणीबरोबर येणारा हिवताप सोसला, हिवाळ्यात साहेबांच्या मुक्कामामागे दप्तराचे गाठोडे घेऊन बैलगाडीत हाडे खिळखिळी करून घेतली. त्या सगळ्या शिणावर एक रात्र झोप काढली की उतार पडे. मामांच्या शिणावर उतारा नव्हता. मी कचेरीतून येऊन, पाय धुवून ओटीवर जरा पाठ टेकतो न टेकतो तोच कोपऱ्यावरून त्यांची काठी वाजे आणि पाठोपाठ आवाज येई, "जावईबापू, आज एक सापडला!" दुसऱ्या कुणाचे मामेसासरे असे म्हणाले असते तर हरवलेले वासरू सापडले असेल, निदान एखादा जुना कागद सापडला असेल, असे वाटले असते. आमच्या मामांना सापडायचा तो शब्द. आणि तोही आपला नव्हे, लॅटिन.

ही भाषा त्यांना कुठे भेटली ते सांगतो. तरुणपणी मामा मुंबईस एका म्हाताऱ्या पाद्रीसाहेबाकडे लेखनिक होते. पाद्रीसाहेबाने जन्मभर खपून एक लॅटिन कोश रचला होता आणि रचता रचता त्याचे डोळे गेले होते. तो कोश सुवाच्य अक्षरात उतरवून काढायचे काम मामांकडे आले. सात वर्षे ते उतरवत होते. घरच्यांचा जीव टांगणीला. पोरगा आज बाटतो की उद्या, या धास्तीने मामांच्या आईने सात वर्षे एकभुक्त राहून काढली. मामा बाटले नाहीत, पण परत आले ते लॅटिन घेऊन. खबरदारी म्हणून भटजींनी त्यांना पंचगव्य दिले. पंचगव्याने आणखी काय काय निघते ठाऊक नाही, लॅटिन निघत नाही. पुढे कर्जतच्या मराठी शाळेत ते मास्तर झाले, तरी ती भाषा त्यांच्या पोटात तशीच राहिली.

बरे, नुसते लॅटिन असते तरी मी निभावून नेले असते. पण पाद्रीसाहेबाने कोशाच्या बाजूला एक निराळी वही ठेवली होती. रोमातल्या जुन्या पंडितांनी आपल्याच शब्दांची जी मुळे सांगितली होती, त्यातली सगळ्यात खुळी मुळे त्याने या वहीत टिपून ठेवली होती. कोश छापखान्यात गेला आणि वही मामांच्या ट्रंकेत आली. त्यातला त्यांचा सगळ्यात लाडका शब्द म्हणजे लुकुस. लुकुस म्हणजे देवाची राई. हा शब्द आला कुठून? तर लुकेरे म्हणजे उजेड पडणे, त्यावरून. आणि राईत तर उजेड पडत नाही! मग? मामा इथे थांबत, चष्मा वर ढकलत आणि दोन्ही हात पसरून म्हणत, "उजेड पडत नाही, म्हणूनच तिचं नाव उजेडावरून! आहे की नाही?" मी म्हणे, "आहे." पहिल्या वर्षी आश्चर्याने म्हणे, पाचव्या वर्षी सवयीने, आणि दहाव्या वर्षी मान हलवली न हलवली तरी मामांना चाले.

त्या पंडितांना उलट्या बाजूने विचार करायची खोडच होती. लढाईला ते बेल्लुम म्हणत, आणि बेल्लुस म्हणजे सुंदर. का, तर लढाईत सुंदर असे काहीच नसते म्हणून. कुत्रा म्हणजे कानिस, आणि कानेरे म्हणजे गाणे. कुत्र्याला गाता येत नाही, म्हणून कानिस. हा शब्द त्यांनी मला सांगितला तेव्हा आमच्या गल्लीतली कुत्री स्टेशनात उभ्या घाटाच्या इंजिनाच्या शिट्टीला सूर लावून अशी काही ओरडत होती की मामा मध्येच थांबले, लक्ष देऊन ऐकू लागले आणि समाधानाने म्हणाले, "पंडितांचं चुकलं नाही हो."

प्रसंग कोणता आहे हे पाहायची त्यांना दृष्टीच नव्हती. माझ्या लग्नात ते मुलीचे मामा म्हणून तिच्या मागे उभे. भटजी मंगलाष्टकांना सुरुवात करणार तेवढ्यात अंतरपाटावरून मामांचे पागोटे माझ्याकडे झुकले. मला वाटले, आशीर्वाद देताहेत. मामा कुजबुजले, "बिनलग्नाच्या माणसाला तिकडे केलेब्स म्हणतात. म्हणजे स्वर्गात राहणारा. अजून दोन मिनिटं आहात." शाळा तपासायला डिप्टी आले तेव्हा त्यांनाही सोडले नाही. लॅटिनमध्ये शाळेला आणि खेळाला एकच शब्द आहे, कारण शाळेत खेळत नाहीत, हे मामांनी पोरांदेखत त्यांना समजावून दिले. डिप्टींनी शेरा लिहिला, "हेडमास्तर विद्वान दिसतात. भूगोल कच्चा." मला पडसे झाले की ते उशाशी येऊन बसत आणि सांगत, की लॅटिनमध्ये शेंबडाला जे नाव आहे त्याचा अर्थ 'जीव मागणारा' असा पंडित लावतात. हे ऐकून पडसे बरे होत नाही. आणि एकदा तर स्मशानात, एका वाण्याच्या वडिलांना अग्नी दिल्यावर, मामा त्या रडवेल्या मुलाच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "प्रेताला कादावेर म्हणतात. का-दा-वेर. किड्यांना दिलेलं मांस, अशी फोड करतात. पण आपण जाळतो, तेव्हा तुझ्या वडिलांना हा शब्द लागू होत नाही. काळजी करू नकोस." तो बिचारा डोळे पुसायचा थांबून त्यांच्याकडे पाहत राहिला. मी मामांना उपरण्याला धरून नदीकडे नेले.

मामी म्हणत, "ह्यांना भूक लागली तरी आधी भुकेचं मूळ सांगतील, मग पाटावर बसतील." मामींनी बत्तीस वर्षे ते मूळ ऐकले होते आणि त्याचा राग काढला तो फक्त कालवणात मीठ जास्त घालून.

एकदा मी कचेरीतून फारच थकून आलो होतो. मामांना म्हटले, "मामा, ही सगळी मुळं चुकीची आहेत हे तुम्हालाही ठाऊक आहे. मग त्यांच्यामागे एवढे का लागता?" मामा रागावतील असे वाटले होते. त्यांनी चष्मा काढून पुसला. मग म्हणाले, "बरोबर मूळ सापडलं की पंडित उठून जेवायला जातो. चुकीच्या मुळात तो अजून बसलेला दिसतो मला. हातात शब्द आहे, तो काही केल्या उकलत नाही, पण सोडवतही नाही. मग म्हणतो, उजेड नाही म्हणून उजेड. आणि आपण तरी काय करतो? दुकान बंद केलं की वाढवलं म्हणतो. बांगडी फुटली की वाढवली म्हणतो. नको ते तोंडानं म्हणवत नाही, म्हणून उलटं म्हणतो. माणूसच तसा आहे, जावईबापू." इतके बोलून ते हसले. त्या हसण्यात त्यांना कोणीतरी साथीला हवा होता, हे मला कळत होते. पण मी थकलेला होतो, आणि उभ्या कर्जतात तरी त्या विनोदाला हसणारे दुसरे कोण होते?

असा एक जण पुढे खरोखरच भेटला, आणि तेच मामांच्या आयुष्यातले मोठे संकट ठरले.

पळसदरीच्या अंगाला डोंगराच्या उतारावर चाळीसएक घरांचे एक गाव आहे. गावाच्या वर बहिरी देवाची राई. तिच्यात जुनी आंब्याची, हिरड्याची झाडे, आणि त्यांच्या मुळांतून निघालेला झरा. चैत्र-वैशाखात खालच्या विहिरी आटल्या की सारे गाव त्या झऱ्यावर जगते. त्या वर्षी जंगल खात्याने हद्दीचे दगड घालायला घेतले आणि त्यांची रेषा राईच्या खालून आली. म्हणजे राई सरकारजमा. पुढे ठेकेदार, कुऱ्हाडी आणि कोळशाच्या भट्ट्या. हद्दीचा निकाल दौऱ्यावर येणाऱ्या गोऱ्या प्रांतसाहेबाच्या हाती होता. गावचा धर्मा पाटील माझ्या ओटीवर येऊन बसला. मामा होतेच.

"मास्तर, तुमालाच साह्यबाकडं जायला हवं," धर्मा म्हणाला. "आमाला त्येची भाषा नाय येत, अन् कचेरीवाल्यांना आमची. माजी दोन्ही पोरं तुमच्या हाताखाली शिकली. झाडं गेली का पानी गेलं. मंग आमी र्‍हायचं कुटं?"

मामांनी सगळे ऐकून घेतले आणि आधी विचारले, "देवाचं नाव बहिरी? म्हणजे ऐकतो म्हणून बहिरी की काय?"

धर्मा गंभीरपणे म्हणाला, "आयकत नाय म्हनूनच बहिरी, मास्तर. आयकत असता तर तुमच्याकडं कशाला आलो असतो?"

मामांना हे इतके आवडले की त्यांनी तिथल्या तिथे जायचे कबूल केले. धर्मा गेल्यावर त्यांनी मला आपला बेत सांगितला. सरकारी कागदात 'जंगल' शब्द होता. वैद्यकाच्या ग्रंथांत जांगल म्हणजे कोरडा, विरळ झाडांचा मुलूख. राई तर दाट आणि ओली. तेव्हा ती जंगलच नव्हे! "साहेब निरुत्तर होईल," मामा म्हणाले. मी म्हटले, "साहेब निरुत्तर होऊन भागत नाही, मामा. साहेबानं सही करायला हवी." सरकारी नोकर असूनही मी गुपचूप एक साधा अर्ज लिहून त्यांच्या हातात दिला. झरा, चाळीस घरे, एवढेच त्यात होते. तो वाचून मामा म्हणाले, "अगदीच कोरडा आहे हो. जांगल."

साहेबाचा तंबू कर्जतास नदीकाठच्या आमराईत पडला होता. साहेब कोवळ्या वयाचा, तापाने पिवळा पडलेला. तीन महिने गावोगाव फिरून आणि तक्रारी ऐकून त्याच्या डोळ्यांतला जीव गेला होता. मी दप्तर घेऊन कोपऱ्यात उभा. बाहेर धर्मा आणि गावची पंधरा-वीस माणसे उकिडवी बसली होती. मामा आत आले, नमस्कार केला आणि इंग्रजीत बोलायला लागले. तिसऱ्या वाक्याला लुकुस आला.

साहेबाने मान वर केली. "काय म्हणालात?" मामांनी ते सबंध वचन लॅटिनमध्ये म्हटले. साहेब असा मोठ्याने हसला की तंबूबाहेरचा पट्टेवाला आत डोकावला. शाळेत याच वाक्यावरून आपण छड्या खाल्ल्या होत्या, असे साहेबाने सांगितले. मग मामांनी कुत्रा सांगितला. साहेबाने खुर्ची मागवली आणि मामांना बसवले. पुढे मधमाशी आली, कोल्हा आला, ससा आला. साहेब एक सांगे, मामा दोन सांगत. मामांचा चेहरा मी कधी असा पाहिला नव्हता. इतकी वर्षे एकट्याने हसलेल्या माणसाला त्या दिवशी सोबती भेटला होता. मी दोनदा खोकलो. तिसऱ्यांदा खोकलो तेव्हा साहेबाने मला पाणी द्यायला सांगितले.

तास उलटून गेला. पट्टेवाल्याने पुढच्या पक्षकाराचे नाव पुकारले. साहेबाने उठून मामांचा हात हातात घेतला, "फार आनंद झाला," म्हणाला, आणि मामा तसेच तरंगत बाहेर पडले. अर्ज त्यांच्या बाराबंदीत होता.

बाहेर माणसे उठून उभी राहिली. "काय झालं, मास्तर?" धर्माने विचारले. "साह्यब लय हसत होता. झालं का काम?"

 मामांचा हात बाराबंदीकडे गेला, कागद हाताला लागला, आणि त्यांच्या चेहऱ्यावरचा रंग उतरत गेला. त्यांना थाप मारता आली असती. मी मागून आलोच होतो, काहीतरी सांगून वेळ मारून नेणार, तेवढ्यात मामा म्हणाले, "धर्मा, मी विसरलो."

"काय इसरलात?"

"तुमचं काम."

 शिव्या दिल्या असत्या तर बरे झाले असते. धर्माने नुसते म्हटले, "ऱ्हाऊ द्या. नशीब आमचं," आणि माणसे एकामागून एक निघून गेली. मामा आमराईच्या कडेला दगडावर बसून राहिले. मी त्यांना घरी नेले. त्या संध्याकाळी ते माझ्या ओटीवर आले नाहीत. मला मोकळा वेळ मिळाला, आणि त्याचे काय करावे ते सुचेना.

दुसऱ्या दिवशी पहाटे साहेबाचा मुक्काम खालापुरास हलला. दप्तर घेऊन मलाही जायचे होते. गाडी जुंपून निघतो तो मामा पागोटे बांधून, काठी घेऊन दारात उभे. गुडघ्याला तेल लावून फडके बांधलेले. मामी मागून म्हणाल्या, "रात्रभर ताप होता. ऐकत नाहीत." वाटेत धर्माच्या गावाचा फाटा लागला तेव्हा मामांनी गाडी थांबवली आणि लंगडत वर गेले. धर्माला घेऊन परत यायला त्यांना तास लागला. धर्मा गाडीत बसला, पण खालापूर येईपर्यंत मामांशी एक शब्द बोलला नाही. मामाही बोलले नाहीत. एक गाव मागे टाकले, दोन ओढे ओलांडले, वाटेत कुत्री भुंकली, एक वरात आडवी गेली. मामांनी एकाही गोष्टीचे मूळ सांगितले नाही. मला ती वाट फार लांबलचक वाटली.

साहेबाचा तंबू खालापूरच्या तळ्याच्या काठी होता. मामांना पाहून तो खुर्चीतून अर्धा उठला. "या, या! मला काल एक आठवला," तो म्हणाला. "त्या तीन देवी, माणसाचं आयुष्य कापणाऱ्या. कुणालाच सोडत नाहीत, म्हणून नाव सोडणाऱ्या! आता तुमची पाळी."

मामांना तो शब्द ठाऊक होता. वहीच्या पहिल्याच पानावर होता. त्यांचे ओठ हललेलेही मी पाहिले. मग त्यांनी धर्माला हाताला धरून पुढे आणले आणि म्हणाले, "साहेब, आज मला लॅटिन येत नाही."

साहेबाचे हसू ओसरले. मामांनी माझा तो कोरडा अर्ज काढला आणि अक्षरन् अक्षर वाचला. झरा कुठे आहे, विहिरी कधी आटतात, पाणी भरायला बाया कुठून कुठे जातात. मध्येच साहेबाने काही विचारले की ते धर्माला विचारत आणि त्याचे उत्तर तसेच सांगत, पदरचे काही न घालता. आवाज तापाने घोगरा झाला होता. साहेब कंटाळल्यासारखा पेन्सिल फिरवत होता. पण ऐकत होता. शेवटी त्याने जंगल खात्याच्या माणसाला नकाशा घेऊन बोलावले, दोन प्रश्न विचारले आणि रेषा राईच्या वरून काढली. सही झाली. मामांकडे पाहून तो म्हणाला, "काल तुम्ही जास्त चांगले बोललात." मामा म्हणाले, "होय, साहेब."

बाहेर आल्यावर धर्माने मामांच्या पायांना हात लावला. मामा मागे सरकले. "असू दे रं," ते त्याच्यासारखेच म्हणाले, आणि गाडीत जाऊन आडवे झाले. महिनाभर त्यांचे अंथरूण सुटले नाही.

तो साहेब पुन्हा आमच्या भागात आला नाही. मामा बरे झाले, माझ्या ओटीवर यायला लागले, पण येताना काठी हळू वाजे. कधी एखादा शब्द सांगायला सुरुवात करत आणि मध्येच विचारत, "तुम्ही थकला नाहीत ना?" मी "नाही" म्हणे, तर त्यांचा विश्वास बसत नसे. बोलणे तिथेच राही.

पुढे काही वर्षांनी त्यांची आठवण जायला लागली. आधी लॅटिन गेले, मग शाळेतली पोरे, मग कर्जत गाव. शेवटच्या दिवसांत मामींनाही ते "बाई" म्हणत. मी कचेरीतून सुटलो की त्यांच्याकडे जाऊन बसत असे. बोलायचे काहीच नसे. एके दिवशी उन्हे उतरताना मामा खिडकीशी बसले होते. मी जाऊन त्यांच्या पायांवर घोंगडी घातली. त्यांनी माझ्याकडे बराच वेळ पाहिले.

"आपण कोण?" त्यांनी नम्रपणे विचारले.

"मी तुमचा जावई, मामा."

"जावई." त्यांनी शब्द तोंडात घोळवला. कपाळाला आठ्या पडल्या. "जावई का म्हणतात?"

मी जन्मात कधी शब्दाचे मूळ सांगितले नव्हते. त्या दिवशी मी भलताच थकलो होतो, डोके चालत नव्हते. तोंडाला येईल ते म्हटले, "जा म्हटलं तरी जात नाही, म्हणून जावई."

मामा विचारात पडले. मग त्यांचे खांदे हलायला लागले, डोळ्यांत पाणी आले, आणि ते हसले, पोटभर, पूर्वीसारखे. मीही हसलो. स्वयंपाकघरातून मामी बाहेर येऊन दारात उभ्या राहिल्या.

"चूक आहे," मामा डोळे पुसत म्हणाले. "साफ चूक आहे. पण राहू द्या."